एका रेघेतलं मांजर

४ सप्टेंबर

मला मांजरं आवडत नाहीत.

हे एक वाक्य कुठेतरी लिहिता यावं म्हणून ही वही आणली. बाहेर बोलायची सोय नाही. करारात कलम नऊ आहे — "कलाकाराने मांजर या प्राण्याविषयी जाहीर नापसंती व्यक्त करू नये." दहा वर्षांपूर्वी सही करताना मी त्यावर पोट धरून हसले होते.

आज सहा काढली. एक छत्री घेतलेलं, एक लॅपटॉपवर लोळणारं, एक दात घासणारं (टूथपेस्टवाल्यांसाठी), बाकीची तीन नुसतीच बसलेली. सगळी एका रेघेत, पेन न उचलता. शेपटीपासून सुरू करायचं, पाठीवरून कानांवर, खाली वळून मिशांपाशी संपवायचं. मी झोपेतही काढू शकेन. कदाचित झोपेतच काढते. कपांवर मांजर, पडद्यांवर मांजर, विमानतळाच्या भिंतीवर चाळीस फुटी मांजर. माझं नाव कुणाला ठाऊक नसतं, पण "मांजरवाली" म्हटलं की चेहरे फुलतात — अय्या, त्या तुम्ही होय!

अण्णा दारात येऊन म्हणाले, "जेवण गार होतंय." म्हटलं, मिशा राहिल्यात. "मिशा काय पळून जात नाहीत," म्हणाले, आणि भिंतीला धरत धरत परत गेले.

५ सप्टेंबर

गोडबोल्याचा फोन. कंपनीचा माणूस आहे, माझं सगळं काम तोच बघतो. हे नाव मी ठेवलेलं, त्याला माहीत नाही. "मॅडम, तुम्ही म्हणजे आमच्या घरच्या." घरच्या म्हणजे घरातल्या कपाटासारख्या, एवढंच.

तीस तारखेला करार संपतोय. नवा सात वर्षांचा. "नुसती सही, मॅडम. फॉर्मॅलिटी." त्याआधी सोळा तारखेला मोठं प्रदर्शन — एका रेघेची दहा वर्षं.

फोन ठेवल्यावर जुना करार काढून वाचला. सही केली तेव्हा कलम चौदावरून नजर नुसती घरंगळली असणार. "करार संपल्यावर पाच वर्षे कलाकाराने एका रेघेतले, अथवा त्याच हातचे वाटेल असे, कोणतेही काम प्रसिद्ध करू नये." त्याच हातचे! माझ्याकडे दुसरा हात कुठला आणू?

म्हणजे सही केली तर सात वर्षं मांजरं. नाही केली तर पाच वर्षं तोंडाला कुलूप, आणि मांजरं माझ्याशिवाय निघतच राहणार. त्यांच्याकडे आता प्रोग्रॅम आहे. माझी बारा हजार मांजरं खाऊन बसलाय, बटण दाबलं की नवीन काढून देतो. गोडबोल्याने मागच्या महिन्यात कौतुकाने दाखवला. म्हणाला, "फक्त डोळ्यांत जरा जीव कमी पडतो, मॅडम." म्हटलं, माझ्या मांजरांना डोळे नसतातच. तो खूप वेळ हसला.

मी त्रेचाळीस. सात मिळवले की पन्नास, पाच मिळवले की अठ्ठेचाळीस. सकाळपासून हीच बेरीज चाललीय.

७ सप्टेंबर

अण्णांचा फॉर्म बँकेतून परत आला. सही जुळत नाही. तिसऱ्यांदा.

त्यांना घेऊन गेले. काउंटरवरची मुलगी चांगली होती, आवाज खाली आणून म्हणाली, "आजोबा, अंगठा दिलात तरी चालेल." अण्णांनी तिच्याकडे असं बघितलं की ती स्वतःच्या टेबलावरचे कागद नीट करायला लागली.

चाळीस वर्षं पाट्या रंगवल्या माझ्या बापाने. दुकानांच्या, दवाखान्यांच्या, शाळांच्या. दोरीला खडू लावून भिंतीवर टणकन रेघ उडवायची, मनगटाखाली काठी धरायची, श्वास सोडून थांबायचं आणि मग ब्रश टेकवायचा. नावावरची आडवी रेघ एका दमात, टोकापासून टोकापर्यंत. बाकीचे पेंटर पाटीच्या कोपऱ्यात बारीक अक्षरात आपलं नाव टाकायचे. अण्णांनी कधी टाकलं नाही. "दुकान त्याचं, नाव त्याचं. मी कोण मध्ये?" चौदा वर्षांपूर्वी कंपवात झाला आणि ब्रश माळ्यावर गेले.

येताना रिक्षात हात मांडीखाली दाबून बसले होते. "अंगठा," एवढंच म्हणाले.

८ सप्टेंबर

सात मांजरं. लिहिण्यासारखं काही नाही.

१० सप्टेंबर

आम्ही ज्यात चित्रं काढतो त्या प्रोग्रॅममध्ये एक पट्टी असते, शून्य ते शंभर. हात जरा हलला तरी स्क्रीनवरची रेघ गुळगुळीत करून देते. सगळेच थोडी वापरतात, दहा-पंधरा. मीही दहावरच होते, दिवसाला एक मांजर होतं तोवर. मग दोन झाली, चार झाली, आणि घाईघाईत पट्टी पुढे सरकत गेली. आज किती दिवसांनी आकडा बघितला. ब्याऐंशी.

शून्यावर आणली. म्हटलं, बघू तर खरं.

शेपूट थरथरली. पाठीवर तर भूकंप. पुन्हा काढलं — तेच. पाच वेळा काढलं. पाचव्या वेळी कान कुठे आणि पाठ कुठे. अण्णांचंही असंच सुरू झालं होतं. आधी आडवी रेघ गेली, मग गोलाई, मग चमचा.

अण्णांच्या डॉक्टरीणबाईंची वेळ घेतली. चोवीस तारखेची मिळाली. कुणाला सांगितलं नाही. पट्टी परत ब्याऐंशीवर नेली आणि राहिलेली चार मांजरं काढून टाकली. सुंदर आली!

१२ सप्टेंबर

दुपारी अण्णा माझ्या खोलीत येऊन बसले. "दे बघू तुझं ते पेन."

आजच हवं होतं का त्यांना! औषधवाल्या कंपनीचं मांजर सहापर्यंत द्यायचं होतं. नवी फाइल उघडायचाही कंटाळा आला. समोर उघडी होती तिच्यातच एक लेयर टाकून दिली. लेयर म्हणजे चित्रावर ठेवलेला पारदर्शक कागद, नको झाला की उचलून फेकता येतो.

त्यांनी "अ" काढला. पट्टी ब्याऐंशीवरच होती. स्क्रीनवर असा देखणा "अ" उमटला, थेट त्यांच्या जुन्या पाट्यांवरचा. मलाच भरून आलं. म्हटलं, "बघा अण्णा, हात बरा झाला."

स्क्रीनला नाक लावून बघितलं. मग म्हणाले, "ही रेघ माझी नाही. कुणाची आहे ही?"

"तुमचीच. मशीन नुसतं सरळ करून देतं."

"मग ते सरळ करणं बंद कर."

पट्टी शून्यावर आणून दिली आणि मी फोनवर मेलना उत्तरं देत बसले. ते काहीतरी गिरगटत होते. मध्ये मध्ये चष्म्यावरून माझ्याकडे बघायचे. दहा मिनिटं, फार तर पंधरा. "झालं," म्हणाले. मी न बघताच म्हटलं, छान. पेन घेतलं, लेयर उडवली, पट्टी वर नेली, मांजर काढलं. पावणेसहाला फाइल पाठवली.

१४ सप्टेंबर

प्रदर्शनाचं पत्रक आलं. "लहानपणापासून मांजरांच्या सहवासात रमलेल्या या कलावतीने एका प्रसन्न सकाळी…"

प्रसन्न सकाळ! आईचं ऑपरेशन चाललं होतं. बाहेरच्या बाकावर मी फोनवर बोटाने रेघ ओढत बसले होते. मनाशी धरलं होतं — बोट उचललं नाही तर आई बरी होईल. चार तास उचललं नाही. बॅटरी संपत आली तशी रेघ आत-आत वळवत गेले. शेवटी दार उघडलं आणि डॉक्टरांचा चेहरा बघून बोट आपोआप उचललं गेलं. खाली बघितलं तर ती सगळी गुंतवळ मांजरासारखी दिसत होती. शेपूट, पाठ, दोन कान.

आठवड्याने ती इंटरनेटवर टाकली. कुणाला काही सांगितलं नाही. लोकांना फार गोड वाटली. तेव्हा मी एका जाहिरातीच्या ऑफिसात सवलतीच्या सेलची पोस्टरं करत होते. महिन्याभरात गोडबोल्या दारात. त्या पहिल्या मांजराची रेघ थरथरती होती. कंपनीने ती सरळ करून घेतली आणि शिक्का केला.

हे अण्णांनासुद्धा माहीत नाही.

१७ सप्टेंबर

काल प्रदर्शन झालं. लिहायचं नव्हतं, पण लिहिल्याशिवाय सुटका नाही.

प्रोग्रॅम प्रत्येक फाइलचं चित्रण आपोआप करून ठेवतो, पहिल्या टिंबापासून शेवटपर्यंत. लेयर उडवली तरी चित्रणातून ती जात नाही. फाइल पाठवण्याआधी मी ते काढून टाकते. नेहमी, न चुकता. या धंद्यात सगळ्यांना ही सवय लागते, नाहीतर आपल्या सगळ्या खाडाखोडी गिऱ्हाइकाच्या घरी जातात. गोडबोल्याने भिंतीवर दाखवायला बारा चित्रणं मागितली होती, ती मी माझ्याकडच्या मूळ फाइलींतून निवडून दिली होती. तेरावं त्यांना औषधवाल्या फाइलमध्ये आयतंच मिळालं. त्या दिवशी घाईत काढायचं राहून गेलं होतं.

मोठा हॉल, एक पूर्ण भिंत स्क्रीनची. तीनेकशे माणसं. अण्णांना पुढे खुर्ची दिली होती, काठी गुडघ्यांत धरून बसले होते. बारा मांजरं सरसर निघाली, टाळ्या पडल्या. मग पांढऱ्या भिंतीवर "अ" आला. मला कळेना हे काय. मग दुसरी रेघ सुरू झाली — वेडीवाकडी, थरथरत, मुंगीच्या चालीने. कपाळ. चष्मा. केसांचा चिमटा. हनुवटीखाली मूठ, दुसऱ्या हातात फोन. तोंडाचे कोपरे खाली ओढलेले.

मी होते. चाळीस फुटांची मी. इतकी दमलेली मी आरशात कधी बघितली नव्हती. आणि सगळी एका रेघेत — अण्णांनीही पेन उचललं नव्हतं.

रेघ माझ्या कानामागे येऊन थांबली. आणि एका क्षणात सगळं गेलं. भिंत कोरी. मी लेयर उडवली होती ना! मग कोपऱ्यातून शेपूट निघाली, पाठ, कान, मिशा. एकदम गुळगुळीत.

तीनशे माणसांच्या तोंडून एकदम "अरेरे" निघालं. मग टाळ्या, थांबेचनात. लोकांना वाटलं मी मुद्दाम केलंय. एक बाई माझा हात धरून रडली. मी अण्णांकडे बघू शकले नाही.

टॅक्सीत अण्णाच आधी बोलले. "मोठं छान दिसलं. चाळीस फुटांची पाटी मी कधी केली नव्हती."

माफ करा म्हणायचं होतं. "एसी जास्त आहे का?" एवढंच तोंडातून निघालं.

१९ सप्टेंबर

गोडबोल्या हवेत. ते चित्रण सगळीकडे पोचलंय. "मॅडम, काय हात थरथरवलाय तुम्ही! लोकांना आता हेच पाहिजे. सरळ रेघ काय, मशीनही काढतं."

म्हटलं, ती रेघ माझी नाही, वडिलांची आहे. त्यांना कंपवात आहे.

"मग तर अजूनच छान."

त्याला अण्णांच्या रेघा हव्यात. आठवड्यातून एक तास, घरबसल्या, टॅबलेटवर काहीही काढा म्हणे. त्या प्रोग्रॅमला खाऊ घालायच्या आणि मांजरांना थरथर शिकवायची. थरथरती मांजरं! मी म्हटलं, माझ्या बापाचा आजार विकायला ठेवलेला नाही. फोन आपटणार होते, पण हल्लीचे फोन आपटता येत नाहीत, नुसतं बोट दाबावं लागतं. बोट दाबायच्या आधी त्याचा गोड आवाज आला, "शांतपणे विचार करा. तीस तारीख आहे."

अण्णा बाहेरच्या खोलीत होते. दार उघडं होतं.

२० सप्टेंबर

टेबलावर करार पडला होता, त्यावर अण्णांचं भिंग. बरोबर कलम चौदावर. विचारलं, वाचलंत? म्हणाले, "अक्षरांतलं अंतर चुकलंय. एवढं दाटून लिहिलं की समजावं, काहीतरी लपवलंय."



२२ सप्टेंबर

चार मांजरं. हात पाठीमागे बांधून काढल्यासारखी.

२४ सप्टेंबर

डॉक्टरीणबाईंनी साध्या पेनने कागदावर गोल गोल चक्र काढायला लावलं. बोटं आपटून बघितली, चालायला लावलं, नाकाला बोट लावायला लावलं. मग म्हणाल्या, "तुम्हाला काहीही झालेलं नाही."

"मग हात हलतो तो?"

"कागदावर शेवटचं कधी काढलंत?"

मला आठवेना.

"कुबडी घेऊन चालत होतात, पायाची सवय गेली. दुसरं काही नाही. रोज थोडं कुबडीशिवाय चालवा. येईल." आणि पुढच्या पेशंटला हाक मारली.

आनंद व्हायला हवा होता. बाहेर बाकावर बसून रडले. इथे कोण वाचतंय, म्हणून खरं लिहिते — मी आशेवर होते. करारात कलम अकरा आहे, गंभीर आजार असेल तर कलाकार सगळ्यातून मोकळा. अण्णांचा आजार मला व्हावा म्हणून मी दोन आठवडे मनात वाट बघत होते. अण्णांचे हात रोज समोर दिसत असताना! लाज वाटते. तेही दार बंद झालं हे कळलं तेव्हा रडू आलं, हेही खरं.

घरी आले तर टेबलावर फळांची भलीमोठी टोपली. अण्णा म्हणाले, "तो तुझा गोड माणूस आला होता. पाणी प्यायला, गेला."

मोरीत चहाचे दोन कप विसळून पालथे घातले होते. मला बोलायचं त्राण नव्हतं. विचारलं नाही.

२६ सप्टेंबर

दोन दिवस पट्टी शून्यावर ठेवून सकाळी तासभर काढतेय. मांजर नाही. खिडकी, अण्णांची चप्पल, नळ. नळ तर ओळखूही येत नाही. पण काल चपलेचा अंगठा कसा कोण जाणे बरोबर आला. हललेला होता, तरी बरोबर होता. शेजारी बसलेल्या अण्णांनी त्यावर बोट ठेवलं. "हा."

बस, एवढंच. मी शाळेत होते तेव्हाही अण्णा असंच करायचे. शंभर अक्षरांतल्या एकावर बोट, आणि "हा."

ताईचा फोन आला. थोरली आहे, सल्ला दिल्याशिवाय ठेवत नाही. "सही करून टाक आणि मोकळी हो. घरबसल्या मांजरं काढायची, कुणाला मिळतं असं? आम्ही इथे आठ तास उभं राहून मरतोय." तिचंही काही चूक नाही. तिला काय सांगू, चपलेचा एक अंगठा जमला म्हणून?

आणि जमला तरी दाखवणार कुणाला? एका रेघेत काढला होता. त्याच हातचा वाटेल असा.

२८ सप्टेंबर

ठरलं. सही करते.

पाच वर्षं कोण थांबणार आहे? अठ्ठेचाळिसाव्या वर्षी चपलेचं चित्र घेऊन कुणाच्या दारात उभी राहिले तर ओळखणार कोण? मांजर तर मांजर. एकच अट घालणार, अण्णांच्या रेघांना हात लावायचा नाही.

अण्णांना सांगितलं. ते पेपर वाचत होते, पान उलटायला त्यांना हल्ली वेळ लागतो. उलटून झाल्यावर म्हणाले, "तीस तारखेला ना? मग आज कशाला घाई करतेस?"

२९ सप्टेंबर

कॅलेंडरच्या छपाईचे रंग बघायला प्रेसवर जायचं होतं. बारा महिने, बारा मांजरं. निघताना अण्णा म्हणाले, "ते पेन आणि पाटी बाहेर ठेवून जा. अक्षर गिरवतो जरा." टॅबलेटला ते पाटी म्हणतात. चालू करून दिलं.

"आणि ती सरळ करायची पट्टी कुठे असते, तेवढं दाखव."

डावीकडे असते, दाखवली. मला वाटलं, बंद करायला हवीय.

परत आले तेव्हा खुर्चीतच झोपले होते. पेन मुठीत. झोपेत त्यांचा हात अजिबात हलत नाही.

३० सप्टेंबर

सही करायला सकाळी मेल उघडला. गोडबोल्याचं पत्र आधीच येऊन पडलेलं. "अण्णांनी काल बोलावून घेतलं. सगळं तुमच्याच टॅबलेटवर झालं. तुम्ही आमच्या घरच्याच राहाल, मॅडम."

खाली करार. माझा नाही, अण्णांचा. त्यांची थरथरती रेघ सात वर्षं कंपनीची. बदल्यात एकच अट, त्यांनी सांगून घातलेली — मुलीचं पाच वर्षांच्या बंदीचं कलम चौदा आजपासून रद्द.

त्याखाली सही. पूर्ण नाव, वरची आडवी रेघ दोरीने उडवल्यासारखी, टोकापासून टोकापर्यंत.

प्रोग्रॅम उघडला. पट्टी शंभरावर होती. मी कधी नव्वदीच्याही पुढे गेले नव्हते. चित्रण लावलं. एक थरथरती सही, खोडलेली. दुसरी, खोडलेली. मोजत गेले. चाळीस. मग पट्टी शंभरावर नेऊन ही.

तशीच उठून बाहेर गेले. म्हटलं, अण्णा, त्यांना तुमची थरथरच हवी होती. सही कशीही चालली असती.

"असं कसं," म्हणाले. "वाकडी असती तर परत आली असती."